पहाऱ्यावरची बदली

‘बदली’ हा शब्द आता इतका सरकारी झाला आहे की तो कानी पडताच एखादे कार्यालय आणि बांधाबांध करणारे नाराज कुटुंब एवढेच डोळ्यांपुढे येते. शब्द मूळचा अरबी वळणाचा. एकाच्या जागी दुसरे येणे, इतकाच त्याचा अर्थ. मुंबईच्या गिरण्यांनी तो माणसाला लावला. जो दुसऱ्याच्या जागी उभा राहायला येतो, तो बदली. साचेखात्यात, म्हणजे कापड विणण्याच्या विभागात, इतके माग एका वेळी धडधडत की तोंडचा शब्द शेजारच्यालाही ऐकू जात नसे. म्हणून तिथे एक रीत पडली होती. नवा माणूस मागून येई, मागावरच्या माणसाच्या डाव्या खांद्यावर हात ठेवी, आणि आवाजाविना, केवळ ओठांनी म्हणे, “मी आलो. तू जा.” तो हात पडेपर्यंत चालता माग सोडायचा नाही, मग भोंगा कधीचा होऊन गेलेला असला तरी. पुढची हकिगत या रीतीवर उभी आहे. म्हणून शब्द आधी स्वच्छ पुसून घेतला.

धाकू हा अशा बदल्यांपैकीच एक होता. मालवणाकडून कोवळ्या वयात आलेला. गिरणी बंद पडली तेव्हा त्याच्या मिशा नीट फुटायच्या होत्या. पुढचे आयुष्य त्याने एका छापखान्यात काढले आणि दिंडोशीच्या वसाहतीत, टेकडीकडे तोंड असलेल्या इमारतीत, तिसऱ्या मजल्यावर घर केले. बायको शेवंती, थोरला सुबोध, धाकटी श्वेता. सुबोध राज्य पोलिसांच्या जंगलात लढणाऱ्या पथकात होता. काही वर्षांपूर्वी राज्याच्या पूर्व टोकाला बंडखोरांनी त्याच्या तुकडीला घेरले. देह परत आले. बंदुका, काडतुसे, बिनतारी संच, शिरस्त्राणे मात्र मारणारे घेऊन गेले. त्यांच्या लढाईची पद्धतच ती. हत्यार समोरच्याच्या अंगावरून उतरवून घ्यायचे आणि त्याच हत्याराने पुढची चकमक लढायची.

पुढे त्या लोकांनी एक चित्रफीत पसरवली. रानवाटेने त्यांची रांग चालली आहे, कुणाच्या खांद्यावर सरकारी बंदूक, कुणाच्या डोक्यावर सरकारी शिरस्त्राण. शेवंतीने ती श्वेताच्या फोनवर एकदाच पाहिली. मध्येच थांबवून तिने पडद्यावरच्या शिरस्त्राणांवरून बोट फिरवले आणि विचारले, “हेच्यातला सुबोधाचा खंयचा?”

आणि आता ते परत मिळाले होते. एका कारवाईत हाती आलेल्या वस्तूंत एका शिरस्त्राणाच्या गादीखाली सुबोधचे नाव आणि रक्तगट शाईने लिहिलेला सापडला. त्याला तडा गेलेला असल्याने ते सेवेतून बाद झाले होते. खटला निकाली निघाल्यावर ते आठवण म्हणून घरच्यांना देण्याचे ठरले. माघातल्या एका दुपारी ते आणायला धाकू गेला होता. बरोबर सम्यक होता. हा शेजारच्या इमारतीतला मुलगा; त्याचे आईवडील अकोल्याकडून येऊन इथे स्थिरावलेले. सुबोध आणि तो एकाच वर्षी भरती झाले, एकाच पथकात राहिले. आता सम्यकची नेमणूक मुंबईतच होती.

परतीच्या रिक्षात धाकूने ती पिशवी पायाशी ठेवली, तसा सम्यक म्हणाला, “काका, मांडीवर घ्या ना.”

“जड आसा रे.”

“आत नवीन गादी घालून देणार होते. मीच म्हटलं राहू दे जुनी. त्याचं नाव आहे ना खाली.”

“आणि मधल्या वर्षांत रे? कोणाकडे होता हा?”

सम्यक रस्त्याकडे पाहत राहिला. “मधल्या वर्षांचं काय घेऊन बसलात, काका. मिळालं ना परत.”

वाटेत धाकूने मेथी घेतली, कारण शेवंतीने निघताना तीच सांगितली होती. भाजीवाल्याने पिशवीतला गोल आकार पाहून विचारले, “काय काका, या वयात बाईक? झकास.” धाकू म्हणाला, “झिलाचा हा. मुलाचं.” भाजीवाला हसला आणि त्याने जुडीवर चार काड्या कोथिंबीर टाकली. शिरस्त्राण एका हाताला आणि मेथी दुसऱ्या हाताला घेऊन धाकू जिना चढला.

शेवंतीने ते हातात घेतले. रडली नाही. स्वयंपाकघरात गेली आणि दार लोटून घेतले. आत पाण्याचा आवाज येत होता, मग तोही थांबला. पुष्कळ वेळाने ती बाहेर आली तेव्हा शिरस्त्राण पुसून लख्ख झाले होते. बाहेरच्या खोलीत काचेचे कपाट होते, त्यात सुबोधच्या कबड्डीच्या ढाली होत्या. त्यांच्यामध्ये तिने ते ठेवले, तोंड खोलीकडे करून. कपाटाला किल्ली लावली आणि मेथी निवडायला बसली.

दोनचार दिवस काही झाले नाही. मग एका तिन्हीसांजेला धाकू दिवा लावायला उठला आणि कपाटाशी थबकला. शिरस्त्राणाचे तोंड खिडकीकडे होते.

“श्वेता, हेल्मेट कोणी फिरवलं?”

श्वेता अंधेरीच्या एका रक्त तपासणीच्या प्रयोगशाळेत काम करी आणि नुकतीच घरी आली होती. “मी नाही, बाबा. मला तर त्याला हात लावायचीही हिंमत होत नाही.”

किल्ली शेवंतीच्या कमरेला होती. धाकूने ती मागून घेतली, कपाट उघडले, शिरस्त्राण सरळ केले, पुन्हा बंद केले. दुसऱ्या दिवशी दिवेलागणीला ते पुन्हा खिडकीकडे वळलेले होते. त्या खिडकीतून टेकडी दिसते. राखीव जंगलाची कड तिथून सुरू होते. कधीमधी बिबट्या उतरतो म्हणून वसाहतीतली माणसे संध्याकाळी त्या बाजूला फिरकत नाहीत. उजेड आधी झाडांच्या बुंध्यांतून निघून जातो, मग शेंड्यांवरून, आणि मग टेकडी एकसंध काळी होते. शिरस्त्राण नेमके त्या काळोखाकडे पाहत असे.

त्यानंतर वास आला. आधी धाकूला वाटले खाली कुणी पाला जाळत असेल. पण तो धुराचा नव्हता. दवात भिजलेली पाने, बंदुकीचे तेल, आणि त्याखाली मोहाच्या फुलांचा तो गोडसर, आंबूस दर्प. दिंडोशीत मोह कुठला? वासाच्या पाठोपाठ आवाज. स्वच्छ पुसलेल्या फरश्यांवर, खिडकीच्या खाली, सुक्या पानांची हलकी चुरचुर. चालण्याची नव्हे. उभे राहून राहून पाय अवघडला की माणूस अंगाचा भार एका पायावरून दुसऱ्यावर टाकतो, तेवढीच. मग बराच वेळ काही नाही. मग पुन्हा तेवढीच.

मागावर पाळी केलेल्या माणसाला हा आवाज ओळखीचा असतो. धाकूच्या मानेवर काटा उभा राहिला तो त्या ओळखीने. तिथे कुणीतरी कामावर होते.

शेवंतीने त्या दिवसापासून स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी पाट मांडला. तोंड खिडकीकडे. सांज झाली की तिथे बसायची ती सकाळी दूधवाला येईपर्यंत. अंथरूण घातले तर गुंडाळून ठेवी. ताट वाढले तर दोन घास खाऊन सारून ठेवी.

धाकू म्हणाला, “आडवी तरी हो गो वाईच.”

“पहारो चालू आसा,” ती म्हणाली. “समोर कोणी उभ्यान पहारो करता, आणि मी हयसर घोरत पडू?”

मुलगा गेल्यापासून तिने त्याचे नाव घेणे कमी कमी करत आणले होते. आता नावाचीही गरज उरली नव्हती, असे त्याला वाटले. तिचा झील तिच्या समोर उभा होता. तिला उठवायचे कुणी?

पण दिवसांगणिक ती खंगू लागली. बांगड्या कोपरापर्यंत सरकू लागल्या. एका सकाळी ओट्याशी चक्कर येऊन पडली. कपाळाला खोक पडली. डॉक्टरांनी तपासून बाहेर येऊन श्वेताला हळूच सांगितले की औषधाने होण्यासारखे यात थोडेच आहे, ती झोपली आणि जेवली नाही तर हे हृदय फार दिवस साथ देणार नाही.

श्वेताने वडिलांना जिन्यात गाठले. “बाबा, दादा गेला तेव्हा मी काही बोलले नाही. पण आता आईला असं नाही बघवत मला. ते हेल्मेट परत देऊन टाका. उद्याच.”

“तिका काय सांगू?”

“माझं नाव सांगा. मला शिव्या घालू दे, पण उठून घालू दे.”

त्याच दिवशी सकाळी धाकूने आणखी एक गोष्ट पाहिली होती, जी त्याने श्वेताला सांगितली नाही. खिडकीखालच्या फरशीवर दवाचे असावे तसे दोन ओले ठसे होते. अनवाणी पाय, शेजारी शेजारी, टाचा जुळलेल्या. धाकूने आपला पाय त्यांच्या बाजूला ठेवला. ठसे त्याच्या पावलाहून कितीतरी अरुंद आणि आखूड होते. सुबोधच्या मापाची चप्पल साऱ्या गोरेगावात धुंडाळावी लागे. धाकूने पायपुसणे आणून ठसे पुसले. शेवंती उंबऱ्याशी डोळे मिटून बसली होती. तिने ते पाहू नये एवढीच त्याची धडपड.

दुपारी शेवंतीचा डोळा लागला तेव्हा त्याने तिच्या कमरेची किल्ली काढून घेतली आणि शिरस्त्राण पिशवीत घालून तो निघाला. न्यायालयाच्या रस्त्याला चहाची टपरी आहे, तिथे त्याने सम्यकला बोलावले होते. वकिलांची वर्दळ होती. ऊन डोक्यावर होते. पिशवी दोघांमध्ये बाकावर ठेवून धाकूने विचारले, “हे सापडलं तेव्हा तू तिथे होतास?”

सम्यकने पेला खाली ठेवला. “होतो.”

“कोणाच्या डोक्यावर होतं?”

“काका, ते कशाला...”

“माझ्या घरात उभं आहे ते. मला कळलं पाहिजे.”

सम्यकने धाकूच्या चेहऱ्याकडे पाहिले आणि त्यात थट्टेला जागा नाही हे त्याला उमगले असावे. तो बोलू लागला तेव्हा त्याचा आवाज वकिलांच्या गलक्याखाली बुडत होता.

“मुलगी होती. वीस-बावीस वर्षांची असेल. टेकाडावर पहाऱ्याला उभी केली होती. खाली त्यांचा तळ. आम्ही येतोय हे त्यांना आदल्या संध्याकाळीच कळलं होतं, म्हणून ते सगळे मागच्या बाजूने निघून गेले होते. सामान घेऊन, चुली विझवून. तिला बोलवायला मात्र कोणी वर गेलं नाही.”

“विसरले?”

“कोण जाणे. विसरले, की मुद्दाम ठेवली. आम्ही तळावर पोचलो तर राख गार होती. ती वर तशीच उभी. पायात काही नव्हतं. सुबोधचं हेल्मेट, सुबोधच्याच जोडीदाराची बंदूक. तिला हाक दिली आम्ही. खाली ठेव म्हणून. तिने नाही ठेवली. जागा सोडली असती तर वाचली असती, काका. मागे उतार होता.”

“नाव काय तिचं?”

“तिकडे गेल्यावर नावं बदलतात. खरं नाव सांगायला कोणी आलं नाही. न्यायलाही कोणी आलं नाही.” सम्यकने पिशवीकडे पाहिले. “मी सांगणार होतो, शप्पथ. पण काकूंच्या तोंडाकडे बघून धीर नाही झाला. ज्यांनी सुबोधला मारलं त्यातलीच कोणीतरी ती. द्या इकडे. मी परत जमा करतो.”

धाकूने पिशवी उचलली, पण त्याच्याकडे दिली नाही. “नको,” तो म्हणाला. “परत केलं तर कुठल्या खोलीत ठेवतील हे?”

“असेल कुठेतरी कोठार.”

“तिथे पण उभीच राहील ती.”

तो घरी निघाला तेव्हा त्याच्या मनात एकच कोडे होते. शेवंतीला सांगायचे कसे? तू ज्याच्यासाठी जागतेस तो इथे नाही. तू उपाशी बसतेस ते तुझ्या मुलाच्या वैऱ्यापुढे. हे ऐकून ती त्या उंबऱ्यावरून उठेलही. पण उठून उभी राहील, की तिथेच कोसळेल? दोन्हींची भीती सारखीच होती. इमारतीशी पोचेपर्यंत सांज उतरली, आणि तो जिना चढत असतानाच सगळ्या मजल्यांवरचे दिवे एकदम गेले.

घरात काळोख होता. श्वेता अजून आली नव्हती. शेवंती तिच्या जागी होती. तिच्या पांढऱ्या केसांमुळे तेवढी जागा कळत होती. धाकूने चाचपडत शिरस्त्राण कपाटावर ठेवले, आणि त्याचा हात निघतो न निघतो तोच वास आला. मोह. भिजलेली पाने. खिडकीचा चौकोन बाहेरच्या उरल्यासुरल्या उजेडाने राखाडी दिसत होता. त्या चौकोनाचा डावा भाग मात्र दिसत नव्हता. तिथे काहीतरी होते, ज्याने तो झाकला होता.

चुरचुर झाली. भार एका पायावरून दुसऱ्यावर.

“शेवंती,” धाकू अगदी हळू म्हणाला, “माका तुका काय सांगूचा आसा...”

“सांग.”

“ता... आपलो सुबोध नाय.”

काळोखात तिच्या बांगड्या वाजल्या. मग म्हणाली, “माका ठाव आसा.”

धाकूला पायांखालची फरशी थंडगार लागली.

“पहिल्याच दिवशी कळला,” ती म्हणाली. “गादी पुसताना तेच्यात केस गावलो. लांब. ह्यो एवढो. तेल लावून वेणी घातल्यासारखो, वळलेलो. मी ठेवलंय तो, कुंकवाच्या जुन्या डबयेत.” तिचा श्वास जड येत होता. “बायचो केस तो. चेडवाचो.”

“मगे तू... इतके दिवस जागतंस ती...”

“उभ्या माणसाक कोणी बस म्हणूक नको?”

“तिच्या माणसांनी आपल्या झिलाक...”

“ता पण ठाव आसा. पहिल्या रात्री मी तिका लय शिव्या घातलंय, मनात. ती हलली नाय. दुसऱ्या रात्री पण घातलंय. मगे माझ्याच मनात इला, सुबोध पडलो तेव्हा तेच्या बाजूक कोण होता? कोणीच नाय. हिच्या बाजूक कोण होता? कोणीच नाय. मी तिका म्हणतंय बस, ती बसना नाय. जा म्हणतंय, जायना नाय. मग मी तरी कशी उठू? माका काय करूचा कळत नाय, म्हणान बसलंय.”

आपण पुसलेले ठसे तिने आपल्याही आधी पाहिले असणार, हे धाकूला तेव्हा समजले. आणि त्याला एकाएकी काय करायचे ते कळले; इतके सोपे, की लाज वाटावी. पहाऱ्यावरचा माणूस जा म्हटल्याने जात नाही. मागावरचाही जात नसे. जा म्हणणाऱ्याने आधी आपण यावे लागते.

खोली ओलांडायला किती पावले लागतात हे त्याला रोजच्या सवयीने माहीत होते, पण त्या संध्याकाळी ती संपेनात. जसजसा तो पुढे गेला तसतशी पायांखाली पाने लागली. फरशीवर पाने नव्हती. तरीही लागली, ओलसर, मऊ, घोट्यापर्यंत. गारवा वाढला. राखाडी चौकोनाच्या कडेला जे काही होते त्याच्या पाठीमागे तो उभा राहिला. इतक्या जवळून श्वास ऐकू येत होता. धरलेला, लहान, जागरणाने थकलेला श्वास.

धाकूने हात उचलला. काहीच हाती लागू नये अशी मनातल्या मनात त्याने प्रार्थना केली. हात खाली आला तो हवेत पडला नाही.

खांदा होता. जाडाभरडा कपडा, त्याखाली हाड. भिजलेला आणि थंड. हात पडताच तो खांदा दगडासारखा ताठला. श्वास थांबला.

गिरणी सुटल्यानंतर इतक्या वर्षांत धाकूने ते शब्द उच्चारले नव्हते. त्याचे ओठ हलले. आवाज निघाला नाही, निघायचाही नसतो.

मी आलो. तू जा.

खांदा तसाच राहिला. कुठल्या मुलखातली ती, कुठल्या भाषेतली. साचेखाते कशाशी खातात हे तिला काय ठाऊक. शिवाय हा म्हातारा तिच्या पक्षाचा नव्हता. शत्रूच्या शब्दावर पहारा सोडू नये, हे तर तिला शिकवलेच असेल. हात काढावा असे त्याला फार वाटले. त्याने काढला नाही.

तेव्हा उंबऱ्याकडून शेवंतीचा आवाज आला. ती उठून उभी राहिली होती, दाराच्या चौकटीला धरून.

“जा गो बाय,” ती म्हणाली. “तो आसा हयसर. तो बघतलो. तू आपल्या घराक जा... आवस वाट बघत आसतली.”

धाकूच्या हाताखाली तो खांदा उतरला. पाळी संपलेल्या माणसाचा उतरतो तसा, आधी थोडा, मग सगळा. धरलेला श्वास सुटला आणि तो लांब होत गेला. मग त्याचा हात हवेत होता, आणि पाने वाजत दाराकडे चालली होती. त्या आवाजाविषयी आणखी एक गोष्ट आहे, ती शेवटी सांगतो. दाराला आतून कडी होती. ती वाजली नाही. आवाज जिन्याने खाली गेला, आवारातून टेकडीच्या बाजूला, आणि तिथल्या खऱ्या पाचोळ्यात मिसळून गेला.

धाकू खिडकीशी उभा राहिला. आला होता, म्हणजे उभे राहणे आले. टेकडी काळी होती आणि तिच्यात काहीही नव्हते. किती वेळ गेला ते त्याने मोजले नाही. दिवे आले तेव्हा श्वेता दारात उभी होती, खांद्याला पिशवी, तोंडावर प्रश्न.

“बाबा, अंधारात काय करताय?”

“पाळी,” धाकू म्हणाला. “माझी बदली कोण, ता बघतंय.”

शेवंती लटपटत पुढे आली. तिने त्याच्या खांद्यावर हात ठेवला, हातात बळ नव्हते म्हणून जरा रेलूनच. “मी आसंय,” ती म्हणाली. “चल. जेवक वाढ माका. भूक लागली.”

श्वेताने दोघांकडे आळीपाळीने पाहिले आणि काही न विचारता भात लावला. त्या रात्री शेवंती जेवली आणि अंथरुणावर पडली ती दुसऱ्या दिवशी ऊन वर येईपर्यंत उठली नाही. श्वेता तिच्या नाकाशी दोनदा सूत धरून गेली. तिसऱ्यांदा शेवंतीनेच डोळे न उघडता सांगितले, “जितीच आसंय गो. कामाक जा.”

पुढच्या महिन्यात तिच्या बांगड्या मनगटावर आल्या. सम्यकने रजा घेतली. तो आणि धाकू त्या पूर्वेकडच्या जिल्ह्यात गेले, आणि जिथे बेवारस देहांना माती देतात तिथे शेवंतीने दिलेली, तो केस असलेली कुंकवाची डबी पुरून आले. तिथल्या एका बाजारात त्यांनी विचारपूस केली. एका म्हातारीने पुष्कळ वेळ ऐकून घेतले, आणि आपल्या शेजारच्या पाड्यातली एक मुलगी अशीच रानात नेली होती असे सांगितले. तीच की दुसरी, हे ठरायचे आहे. सम्यकचा पत्रव्यवहार चालू आहे. शिरस्त्राण कपाटात आहे, ढालींमध्ये, तोंड खोलीकडे.

वसाहतीत ही हकिगत सांगतात तेव्हा ती अशी सांगतात, की हुतात्मा झालेला मुलगा आपल्या शिरस्त्राणात घरी आला, वेड्या आईने त्याला ओळखले, आणि बापाने त्याला मुक्ती दिली. यात तीन चुका आहेत. आई वेडी नव्हती. त्या घरात सर्वांत आधी आणि सर्वांत स्वच्छ तिनेच पाहिले. खिडकीशी उभा होता तो मुलगा नव्हता, कुणा दुसऱ्याची मुलगी होती. आणि मुक्ती देण्याची ऐपत धाकूच्या अंगी नव्हती, त्याने केवळ जागा घेतली.

चौथी चूक मात्र सांगणाऱ्यांची म्हणता येत नाही, कारण ती दुरुस्त करू शकणारा एकच माणूस आहे आणि तो ती क्वचितच बोलतो. सगळे सांगतात की त्या संध्याकाळी घरातून एक जण निघून गेला. धाकूने ऐकली ती पावले दोघांची होती. एक हलकी, अनवाणी, खिडकीकडून दाराकडे गेली. दुसरी तिच्या मागोमाग, सावकाश, मोठ्या मापाच्या जड बुटांची. ती खिडकीपासून निघाली नव्हती. ती निघाली स्वयंपाकघराच्या उंबऱ्यापासून, शेवंतीच्या पाटाच्या अगदी मागून. आणि ती तिथे कधीपासून उभी होती, हे धाकूला आजही ठाऊक नाही.